परत आलेला शर्ट

अप्पांनी शर्ट खिडकीच्या उजेडात धरला आणि बटणाच्या जागेवरून नख फिरवलं. मग खालच्या जागेवरून. सातही जागा बघून झाल्यावर त्यांनी शर्ट मांडीवर ठेवला.

"हे परत आलेलं काम आहे," ते म्हणाले.

बटणांची डबी पुढे सरकवणारी लेक तिथेच थांबली. जन्मभर शिवणकाम केलेल्या आणि आता घरच्यांची नावंही न आठवणाऱ्या माणसाला वाढदिवसाला द्यावं तरी काय, यावर तिनं महिनाभर डोकं खाजवलं होतं. भावानं धाडलेली फोटोंची फ्रेम अप्पांनी कपाटात कोंडली होती. आतली माणसं टक लावून बघतात म्हणे. हिनं बिनबटणांचा पांढरा शर्ट आणि बटणांची डबी दिली, आणि अप्पा माणसात आले. रोज सकाळी सात बटणं लावायचे आणि ताठ मानेनं जेवायला बसायचे. दुपारी त्यांचा डोळा लागला की ती बटणं उसवून ठेवायची, उद्याचं काम तयार. भेट द्यावी तर अशी, असं शेजारीपाजारी म्हणायचे आणि तिलाही ते पटलं होतं. नवा शर्ट आणायचं काही तिच्या डोक्यात आलं नाही.

अप्पांनी कापडात अडकलेला दोऱ्याचा तुकडा चिमटीत ओढला. बटणाखाली तीन वेढे देऊन गाठ आत दडवायची, ही त्यांची रीत. गाठ तशीच होती.

"हात माझाच आहे. गिऱ्हाईकानं उसवून परत पाठवलंय. एकदा नाही, कितीदा तरी."

आजवर त्यांचं एकही काम परत आलं नव्हतं. सुई टोचू नये म्हणून बोटात घातलेलं अंगुस्तान त्यांनी काढून तिच्या तळहातावर ठेवलं आणि खालमानेनं सांगितलं, की दुकानाच्या मालकांना कळवा, उद्यापासून मी येत नाही. हात गेला माझा.

तिला ते बघवेना. काम अगदी चोख आहे अप्पा, ती म्हणाली. गिऱ्हाईक वगैरे कोणी नाही, तुम्हाला रोज काम मिळावं म्हणून मीच उसवते. सांगून टाकलं आणि तिला हायसं वाटलं.

अप्पांनी मांडीवरचा शर्ट उचलून छातीशी धरला.

"बाई," त्यांनी विचारलं, "मी तुमचं काय वाईट केलं होतं?"

संध्याकाळीच जाऊन ती नवा कोरा बिनबटणांचा शर्ट घेऊन आली. सकाळी अप्पा सगळं विसरले होते. अंगुस्तान घातलं, सुईत दोरा ओवला आणि स्वतःशीच गुणगुणत पहिलं बटण लावायला घेतलं. ती दाराबाहेर उभी राहून ऐकत होती. तिचा जीव भांड्यात पडला.

ती चहा घेऊन आत आली. तिला बघताच अप्पांचं गुणगुणणं थांबलं. त्यांनी घाईघाईनं शर्टाची घडी केली, खुर्चीवर ठेवली आणि त्या घडीवरच बसले.

सुई अजून शर्टातच होती.