यशूच्या जगातला शेवटचा आठवडा

हेंद्रेपाड्यातल्या आमच्या गच्चीवर टाकी, खुर्ची, मी आणि माझी बहीण यशोधरा, असे चार होतो. उन्हात सावल्या तीनच पडल्या होत्या. खुर्चीची नव्हती.

यशूनं आपल्या गोष्टीतल्या जगासाठी कॅलेंडर रचलं होतं. ज्याच्या नावाचा दिवस, त्याची सावली जाते. दुसऱ्या दिवशी तो स्वतः. कालचा दिवस कुंडीचा होता. आज आमच्या गच्चीवरची कुंडी खरोखर गायब होती.

“उद्या कोण?”

“तू. दादा, मस्करीत लिहिलेलं रे!”

“मग खोड ना!”

“खोडलं. परत उमटलं. शेवटी त्यावर माझं नाव लिहिलं, ते राहिलं.”

दुसऱ्या दिवशी खुर्ची नव्हती. चार वाजता आम्ही शेजारी उभे राहिलो. सावल्या मोजायला मी टेप सरळ धरली.

माझी सावली एक मीटर ब्याऐंशी सेंटिमीटर. यशूची शून्य.