म्हातारीची शाल

युद्धाच्या बातमीपटांचं संकलन केलेल्या झिनाईदाची बदली मॉस्कोतल्या बाहुलीपटांच्या स्टुडिओत झाली, तेव्हा तिला तो पोरखेळच वाटला. पहिल्याच दिवशी टेबलावर आलेल्या फिल्ममध्ये एका म्हातारीची बाहुली खिडकीशी बसून युद्धावर गेलेल्या मुलाची वाट बघत होती. “हा तुकडा कापा, झिनाईदा ल्वोव्हना,” बाहुल्या हलवणारा येफिम ओशाळून म्हणाला. “एकेक चित्र टिपण्याआधी बाहुली जराशी हलवताना माझी बोटं शालीला लागलीत, म्हणून ती थरथरतेय. मंजुरी देणारी समिती चित्रपटच बंद पाडेल!” तिने फिल्म पुन्हा फिरवली. शाल हलकेच वर गेली, खाली आली. झिनाईदा पुढे झुकली. “अरे वेड्या, ही श्वास घेतेय!” तिने कात्री दूर ठेवली. दुसऱ्या दिवशी तो तुकडा पडद्यावर आला आणि समितीची कुजबुज थांबली. फिल्म संपल्यावरही अध्यक्षांनी दिवे लावू दिले नाहीत. “थांबा जरा. येईल एवढ्यात तिचा पोरगा.”