न पाहिलेला डोंगर

फुलपाखराच्या उजव्या मागच्या पंखावर एक पांढरी गोल चिकटपट्टी होती, शर्टाच्या बटणाएवढी. तिच्यावर बारीक काळी अक्षरं आणि आकडे. पंख मिटून ते झेंडूच्या कमानीतल्या सगळ्यात खालच्या फुलावर बसलं होतं आणि मधूनमधून अंगभर थरथरत होतं.

"मरतंय का गं ते?" दोमितिलाने विचारलं.

"नाही, आई. थंडीने गारठलंय. असं थरथरून अंग तापवतंय. तापलं की उडेल."

"म्हणजे तुझ्या सासऱ्याचीच जात. ऊन वर आल्याशिवाय हलायचं नाही."

आम्पारो हसली. सासू-सुना सकाळपासून पडवीत वेदी मांडत होत्या. पाव, मीठ, मेणबत्त्या, पाणी. मधोमध सासऱ्याचा, आन्सेल्मोचा फोटो आणि त्याच्यापुढे दारूचा पेला. तो दोमितिलाने सगळ्यात आधी भरायला लावला होता. ताटकळायची त्याला जिवंतपणीही सवय नव्हती, आता कुठून लागणार?

आज मृतांचा दिवस होता; बाराची घंटा झाली की घरोघरची मेलेली माणसं परत येणार होती. त्यांना घर सापडावं म्हणून दोमितिला फाटकापासून वेदीपर्यंत झेंडूच्या पाकळ्यांची वाट घालत होती. गुडघे टेकून, एकेक मूठ.

आम्पारोच्या नवऱ्याचा, निकानोरचा फोटो आत पेटीत होता, भरतकामाच्या रुमालात गुंडाळलेला. उत्तरेच्या सीमेपलीकडून त्याचा शेवटचा फोन आला तेव्हा अंगणातलं पीचचं झाड गुडघ्याएवढं होतं. आता ते छपराला टेकलं होतं. नाताळपर्यंत घरी येतो, असं तो म्हणाला होता.

दरवर्षी आम्पारो विचारायची, "आणू का फोटो?" आणि दरवर्षी दोमितिला म्हणायची, "जित्याजागत्या माणसाला वेदीवर पाणी ठेवतात का? मरण बोलवायचंय त्याचं? वाट चुकला असेल माझा पोरगा. येईल."

आम्पारोच्या मनात यायचं, पण तो मेलेला असला तर? ज्याला बोलावलं नाही, त्याला आत येता येत नाही. मग इतकी वर्षं आपला नवरा याच दिवशी फाटकाबाहेर तहानलेला उभा राहत असेल. या वर्षी विचारायचंच नाही, फोटो सरळ आणून ठेवायचा, असं तिने ठरवलं होतं.

"ते पांढरं काय चिकटवलंय?" दोमितिला गुडघ्यांवरच सरकत जवळ आली.

"खूण आहे. उत्तरेला कुणीतरी लावून सोडून दिलं असेल. कुठवर पोचतं ते कळावं म्हणून."

"एवढ्या लांबून आलं हे? दोन मक्याच्या दाण्यांएवढंही वजन नसेल." तिने बोट जवळ नेलं, पण लावलं नाही. "गेल्या वर्षी इथून गेलेलंच ना?"

हिवाळाभर आम्पारो फुलपाखरं बघायला आलेल्या पाहुण्यांना वरच्या ओयामेल झाडांच्या रानात घेऊन जायची. हा प्रश्न तिला प्रत्येक जण विचारायचा. घरात तो आज पहिल्यांदाच निघाला होता.

"नाही, आई. इथून गेली ती हिची पणजी. ती वाटेतच अंडी घालून मेली. तिची लेक आणखी वर गेली, तीही मेली. मग नात. ही पणती. हिने हा डोंगर कधी पाहिलेलाच नाही."

"मग बरोबर कुणी म्हातारं असेल. वाट दाखवायला."

"म्हातारं कुणी उरलेलंच नसतं."

दोमितिलाच्या मुठीतल्या पाकळ्या मुठीतच राहिल्या.

तेवढ्यात ढग सरकला. अंगणात ऊन उतरलं आणि फुलपाखराने पंख उघडले, मिटले, पुन्हा उघडले. मग ते उडालं. त्याच्यामागे दोघींची नजर वर गेली आणि वरच राहिली. खिंडीतून फुलपाखरं येत होती. आधी तुरळक, मग आकाशाचा निळा रंग दिसेनासा होईल इतकी. पंखांचा आवाज येत होता, वाळलेल्या मक्याच्या पातीत वारा शिरावा तसा. अंगणात सावल्यांचा सडा हलत होता, पाकळ्यांवर, वेदीवर, दोमितिलाच्या पांढऱ्या वेण्यांवर. एकही फुलपाखरू घुटमळत नव्हतं. सगळी त्याच एका उताराकडे, ओयामेलच्या रानाकडे चालली होती.

शेजारच्या अंगणात कुणीतरी ओरडलं, "आली गं, आली!"

दोमितिला तशीच मान वर करून बसली होती.

"हा डोंगर माझ्या पोराला पाठ होता," ती म्हणाली. "डोळे बांधून सोडलं असतं तरी आला असता."



दोमितिलाने मुठीतल्या पाकळ्या फाटकाबाहेर, रस्त्यावर टाकल्या.

"जा, फोटो आण त्याचा. आणि पाण्याला मोठा पेला घे. लांबून यायचंय पोराला."