घरातली तीस वर्षं

"तीनशे पानांत बोटी आहेत, बंदरं आहेत, बावीस देशांतली नाट्यगृहं आहेत. पण घर कुठे आहे?" संपादिकाबाईंनी आत्मचरित्राचं बाड टेबलावर ठेवलं.

लेखक खिडकीपर्यंत जाऊन परत आला. "घर होतं की. मी नव्हतो."

"मग वहिनींना विचारा. त्या तर होत्या ना!"

बाई गेल्यावर त्याच्या येरझारा पुन्हा सुरू झाल्या. गुडघ्याच्या शस्त्रक्रियेनंतर डॉक्टरांनी त्याचा प्रवास कायमचा बंद केला होता, आणि एका जागी बसणं त्याला जन्मात जमलं नव्हतं. लग्नानंतर चौथ्याच महिन्यात त्याने पहिली बोट पकडली. पुढे तीस वर्षं तेच. दहा महिने बाहेर, दोन महिने घरी. त्यातून नऊ कादंबऱ्या आणि चौदा नाटकं झाली. सगळ्यांत गाजलं ते दाराकडे डोळे लावून बसलेल्या एका बायकोचं नाटक. शेवटच्या प्रवेशाला प्रेक्षक हमसून रडत. ते लिहिताना त्याच्या डोळ्यांसमोर आपलीच बायको होती. मूलबाळ नव्हतं, मागे ती एकटी. त्याची पत्रं यायची, पण तिने उत्तर धाडायचं तर त्याचा पत्ता कुठे ठरलेला असायचा? परतण्याआधी मात्र तो न चुकता तार करी.

संध्याकाळी वही घेऊन तो तिच्यासमोर बसला. ती कपड्यांच्या घड्या घालत होती.

"मी नसताना तू काय करायचीस गं?"

"इतक्या वर्षांनी आज आठवलं होय विचारायला?"

तो खजील झाला. "एकटं वाटायचं?"

"पहिल्या खेपेला वाटलं. आठवडाभर. मग नाही वाटलं."

त्या 'मग नाही'ने त्याच्या काळजाला घरं पडली. ती मात्र सहज बोलत गेली. रोज थोडं थोडं. एका वर्षी नदी फुगली आणि पाणी उंबऱ्याला लागलं, तेव्हा तिने त्याची हस्तलिखितं डोक्यावरून माळ्यावर नेली. पुढे ती एकोणीस दिवस तापाने फणफणली. कमरेएवढ्या पाण्यातून शेजारचे पोस्टमास्तर औषध घेऊन आले. ओल्या भिंतीचा वास, भांड्यात टपटपणारं पाणी, सगळं ती असं सांगे की त्याची लेखणी मागे पडे.

"किती हुबेहूब सांगतेस तू!"

"तुमच्याच संगतीत शिकले," ती म्हणाली आणि उठून खिडकीशी गेली. रस्त्याकडे बघत उभं राहायची तिला सवयच होती. ती सवय आपणच लावली, या विचाराने त्याला जेवण गोड लागेना.

महिन्याभरात सहा प्रकरणं झाली. संपादिकाबाईंचा फोन आला. "सर, तुमची तीनशे पानं या सहा प्रकरणांपुढे पाणी भरतील!"

त्याला आनंद झाला, पण चैन पडेना. पुस्तक बायकोला अर्पण करायचं त्याने ठरवलं. पोस्टमास्तरांचेही आभार मानायला हवे होते. इतकी वर्षं त्या माणसाशी तो धड दोन वाक्यं बोलला नव्हता.

"कशाला त्यांना त्रास?" बायको म्हणाली. "थकलेत आता. काहीच्या बाही बोलतात."

दुसऱ्या दिवशी सकाळी ती बाजारात गेल्यावर तो काठी टेकत शेजारी गेला. ऐंशीचे पोस्टमास्तर चष्म्याशिवाय वर्तमानपत्र वाचत बसले होते. लेखकाने त्यांचे दोन्ही हात हातांत घेतले.

"मास्तर, पुराच्या वर्षी तुम्ही माझ्या बायकोसाठी जे केलंत, ते मी विसरणार नाही."

"पुराच्या वर्षी?" म्हातारा विचारात पडला. "अहो, दोन खोल्यांत पाणी शिरलं तेवढंच. मी कुलूप काढून गाळ उपसून घेतला. किल्ली माझ्याकडेच असायची ना."

"कुलूप? आणि ती कुठे होती?"

"त्या वर्षी?" मास्तरांनी बोटांवर मोजलं. "बोटीवर होत्या, परिचारिका म्हणून. त्याच्या आदल्या वर्षी डोंगरापलीकडच्या शाळेत शिकवायला. तुम्ही गेलात की दुसऱ्या दिवशी वहिनींची बॅग तयार! तुमची तार आली की मी त्यांना तार ठोकायचो, आणि कुठेही असल्या तरी तुम्ही यायच्या आदल्या दिवशी हजर. एकदाही चुकल्या नाहीत."

लेखक समोरच्या खुर्चीत बसला.

"परवा किल्ली परत न्यायला आल्या होत्या," मास्तर हळहळले. "डोळ्यांत पाणी होतं हो. म्हणाल्या, हे आता कायमचे घरी. संपलं माझं फिरणं."