साहेबांनी वठवलेला नाझी

"हे मारणं म्हणायचं की अंगावरची धूळ झटकणं?" मॉस्कोहून चित्रीकरण तपासायला आलेला साहेब गरजला. सोव्हिएत अमलातल्या एस्टोनियाच्या एका बेटावर युद्धपटाचं चित्रीकरण चाललं होतं. कोळी गावकऱ्यांनी नाझी अधिकाऱ्याला ठेचायचं होतं, पण ते नटाला पाहुण्यासारखं थोपटत होते. "आज द्वेष दिसला नाही, तर सिनेमा बंद!"

दिग्दर्शक एन्डेलची उभी हयात ट्रॅक्टरांवर माहितीपट काढण्यात गेलेली. हा त्याचा पहिला खरा सिनेमा. मग त्याच्या डोक्यात किडा वळवळला. "साहेब, आमची माणसं मठ्ठ. नाझी कसा असतो, ते आपणच करून दाखवता का?"

साहेबाला नट व्हायची खाज होतीच. त्याने नाझी कोट चढवला आणि गावकऱ्यांवर रशियनमध्येच खेकसला. असंच खेकसत सोव्हिएत शिपायांनी नेले होते इथल्या बायांचे नवरे, त्यांची मुलं सैबेरियाला! बाया वल्ही घेऊन तुटून पडल्या. नाक फुटलं, दात उडाले, वाळू लालेलाल झाली. 'कट' म्हणायचा अधिकार एकट्या एन्डेलचा, आणि त्याला नेमका तेव्हाच खोकला आला. तो थांबला रीळ संपल्यावर.

साहेब रक्त थुंकत उठला आणि त्याने एन्डेलला मिठीच मारली. "याला म्हणतात फॅसिस्टांचा द्वेष! सिनेमा पास!"

वल्ह्यावरचं रक्त पुसत म्हातारी लेइडा पुढे आली. "एन्डेल, लेकरा, विचार की साहेबांना. आमची तयारी आहे, अजून एकदा घ्यायचं का?"