पहिल्या नंबरचा पट

चौथ्या फेरीत कप्तानाने पडद्यावर लिहिलं, ‘पोरा, रागावलायस का माझ्यावर? हल्ली बोलत नाहीस.’

ताईने ‘नाही, दमले’ असं लिहिलं. मग ‘दमले’चं ‘दमलो’ केलं आणि पाठवून दिलं.

रविवार होता, दुपारचे चार. खोली धाकट्या भावाची, खुर्ची धाकट्याची, पडद्यावर उड्या मारणारा लाल कोल्हाही धाकट्याचाच. फक्त धाकटा नव्हता. फेब्रुवारीच्या सुरुवातीला सकाळी उठला, डोकं ठणकतंय म्हणाला आणि न्हाणीघराच्या दारात कोसळला. चौतीस वर्षांचा होता.

मार्चच्या पहिल्या रविवारी ताई खोली आवरायला गेली. वायरी काढण्याआधी तिने एकदा गेमचं यंत्र चालू करून पाहिलं, तर लगेच निरोप आला: ‘आलास! चार रविवार वाट पाहिली. जिवात जीव आला.’

कप्तान कोण, हे तिला ऐकून ठाऊक होतं. अकरा वर्षं दोघे दर रविवारी हा गेम खेळत. फासा टाकायचा, पटावर घरं मोजत सरकायचं, किल्ल्या गोळा करायच्या. गेमचे सात भाग आले, दोघांनी एकही सोडला नाही. प्रत्यक्ष भेट मात्र कधी झाली नाही, की फोनवर बोलणं नाही. सगळं लिहूनच. आदल्या वर्षी कप्तानाचं हृदयाचं ऑपरेशन झालं, तेव्हा धाकटा म्हणाला होता, “म्हाताऱ्याचं काळीज शिवून आणलंय, ताई. त्याच्यापुढे वाईट बातमी काढायची सोय नाही.” पुढे एकदा हसून म्हणाला, “ऑपरेशननंतर माणूस भलताच मऊ झालाय. पूर्वी माझ्या किल्ल्या हिसकावायचा. आता समोरून सोडून देतो.”

म्हणून त्या दिवशी ताईने ‘आलो’ एवढंच लिहिलं.

मग कप्तानाने जुना वाद उकरून काढला. सातही भागांतले सर्वांत चांगले दहा पट कोणते? धाकट्याच्या वहीत यादी होती, तीही खाडाखोड करून काळी झालेली. कप्तान म्हणाला, ‘एकेक पट पुन्हा खेळू आणि काय तो निकाल लावू.’

दहाव्या नंबरला बर्फाचा डोंगर. तिथे कडा कोसळला की सगळे पुन्हा पायथ्याशी. सातव्याला घड्याळांचं गाव. ठोके पडले की प्रत्येकाची जागा दुसऱ्याला. ताईने आयुष्यात कधी गेम खेळला नव्हता. दिवसभर दुकानात लोकांचे डोळे तपासून चष्म्याचे नंबर काढायचे, संध्याकाळी वही घेऊन बसायचं. हळूहळू ती धाकट्यासारखं लिहायला लागली, त्याच्यासारखी चिडायला लागली. एकदा फासा टाकताना तिने जीभ दाताखाली धरली आणि एकदम थांबली. ती सवय त्याची होती.

त्याच दुपारी कोल्ह्याने उडी मारून आरोळी दिली. मागे दार वाजलं. आई उंबऱ्यात उभी होती, झोपेतून उठून आलेली.

“मला वाटलं…” आई म्हणाली.

ताईने आवाज बंद केला. आई खुर्चीच्या पाठीवरून हात फिरवत राहिली.

“गेलेल्या माणसाच्या तोंडून बोलू नये गं,” ती शेवटी म्हणाली. “त्याला सुटू दे. त्या बिचाऱ्या म्हाताऱ्यालाही.”

तरी ताई खेळत राहिली. फक्त पहिल्या नंबरचा निकाल उरला होता. धाकट्याचं मत जुनं दीपगृह. तिथे धुकं उतरलं की पुढची घरं दिसत नाहीत, अंदाजाने पाऊल टाकायचं. कप्तान पडक्या हॉटेलावर अडून बसलेला, अकरा वर्षं तसूभर हटला नव्हता.

मेच्या एका रविवारी ते दीपगृह खेळले. शेवटच्या फेरीत धुकं विरलं. कोल्हा दिव्यापाशी एकटाच उभा होता. कप्तानाने लिहिलं, ‘हरलो. तुझंच खरं, पोरा. दीपगृह एक नंबर.’

जे ऐकायला धाकटा अकरा वर्षं भांडला, ते आता तिने वाचलं. त्या रात्री तिला जेवण गेलं नाही.

सकाळी तिने ठरवलं, हे तोंडावर जाऊन सांगायचं. कप्तानाने एकदा धाकट्याला लोकरीची टोपी पाठवली होती. त्या खोक्यावरचा पत्ता तिने कापून घेतला आणि शनिवारी दुकानाला सुट्टी देऊन दोन तासांच्या बसप्रवासाला निघाली.

तिसऱ्या मजल्यावर एका वयस्क बाईंनी दार उघडलं. त्यांच्या चष्म्याची काडी दोऱ्याने बांधली होती. धंद्यातली नजर, ताईची तिकडे गेलीच.

“कप्तान इथेच राहतात ना?”

बाई दचकल्या. “हे नाव तुला कसं माहीत?”

“मी… तो लाल कोल्हा खेळतो ना, त्याची बहीण.”

“पोराची बहीण!” बाईंचा चेहरा उजळला. त्या ताईच्या खांद्यावरून जिन्याकडे बघू लागल्या. “तोही आलाय? खाली थांबलाय का? बोलाव की वर!”

ताई उंबऱ्याच्या आत आली. “मला कप्तानांशी बोलायचं होतं, काकू.”

“माझ्याशी बोल. बस आधी.”

ती टेकली. घरून पाठ केलेलं एकही वाक्य आठवेना.

“तो गेला, काकू. फेब्रुवारीत.”

“काहीतरीच काय बोलतेस! परवा रविवारी तर खेळला.”

“ती मी होते. मार्चपासून त्याच्या जागी मीच खेळतेय. कप्तानांचं हृदयाचं ऑपरेशन झालेलं, म्हणून सांगायला जीभ उचलेना. मला माफ करा. आता तुम्हीच त्यांना जरा सांभाळून सांगा.”

बाई भिंतीला धरून हळूच खाली बसल्या. त्यांची नजर ताईच्या बोटांवर गेली. मग त्यांनी ती दोन्ही हातांत घट्ट धरली.

“मार्चपासून तू,” त्या म्हणाल्या. “आणि गेल्या जूनपासून, ह्यांच्या जागी, मी.”