धड्याची कॅसेट
वडिलांच्या गाण्याच्या क्लासात धडा कॅसेटमध्ये भरून शिष्यांना घरी द्यायची पद्धत होती. एकदा धडा भरताना स्वयंपाकघरात गुणगुणणाऱ्या लेकीवर ते खेकसले, "बंद कर ते रेकणं!" तेही भरलं गेलं. पुसायचं सोडून त्यांनी त्याच्या प्रती वाटल्या. शिष्य घरोघरी खिदळले. तिने मात्र एक कॅसेट दातओठ खात जपली. आज तिच्या रॉक बँडचं नवं गाणं ऐकायला तिने त्यांना मुद्दाम स्टुडिओत बोलावलं, माईकसमोर बसवलं, कानांवर हेडफोन चढवले. ड्रम धडाडले, गिटार कडाडली, आणि दर कडव्यानंतर कॅसेटमधला तोच आवाज: "बंद कर ते रेकणं!" वडिलांनी हेडफोन भिरकावले. "बापाची अब्रू चव्हाट्यावर आणतेस?" "तुमचाच धडा वाटतेय, बाबा. घरोघरी." "बंद कर ते रेकणं!" ते गरजले. तिने माईकचं रेकॉर्डिंग बंद केलं. "झालं. गाण्याला शेवटच मिळत नव्हता."